जुन्या रेकॉर्डी हाय-रेझोल्यूशनमध्ये उतरवताना: धुण्यापासून साठवणीपर्यंत

नांदेड, परभणी, लातूरकडची ओळखीची मंडळी रेकॉर्डवरून उतरवलेल्या फायली मला ऐकायला पाठवतात. नावात ‘२४ बिट, १९२ किलोहर्ट्झ’ (आवाज किती बारकाईनं मोजला त्याचे आकडे) असतं आणि आत चरचर, गुणगुण आणि शेवटच्या गाण्याला फाटलेला आवाज. आकडा खरा असतो. चूक झालेली असते ती त्याच्या कितीतरी आधी: रेकॉर्ड न धुता लावली, सुईचं वजन अंदाजानं ठेवलं, अर्थिंगची वायर लोंबत राहिली. सुईनं खाचेतून जे उचललंच नाही, ते पुढं कुठलंही सॉफ्टवेअर आणून देत नाही. म्हणून या लेखात संगणक उशिरा येतो. पायऱ्यांचा क्रम मात्र मोडू नका.

१. आधी वर्गवारी

आपल्याकडच्या घरातल्या पेटीत सगळं एकत्र असतं. भावगीतं, कव्वाल्या, लावण्या, हिंदी सिनेमाची गाणी, कीर्तनं. ऐकण्याच्या आवडीनं लावू नका, तीन ढीग करा: मिनिटाला ३३⅓ फेऱ्यांच्या एलपी, ४५ फेऱ्यांच्या लहान ईपी आणि ७८ फेऱ्यांच्या लाखेच्या तबकड्या. लाखेची तबकडी हाताला जड आणि जाड लागते, जरा सुद्धा लवत नाही आणि पडली की मडक्यासारखी फुटते. एलपी-ईपी विनाइलच्या, किंचित लवणाऱ्या. हा फरक पुढं धुताना आणि सुई निवडताना जिवावरचा आहे.

मग प्रत्येक रेकॉर्ड खिडकीच्या उजेडात तिरपी धरा. आपल्या भागातले बरेच संग्रह जुन्या मंडप-लाउडस्पीकरवाल्यांकडून आलेले असतात. लग्नसराईत त्या रेकॉर्डी जड पिकअपखाली (सुई बसवलेला भाग), घासलेल्या सुईवर रात्रंदिवस वाजल्या. अशा रेकॉर्डवर जोराच्या जागा करड्या, निस्तेज दिसतात. ती झीज आहे, आणि झीज धुतल्यानं जात नाही. एकाच रेकॉर्डच्या दोन प्रती असतील तर कमी झिजलेली घ्या, मग ती कितीही मळलेली असो.

सावधान: मे महिन्यात रेकॉर्डी गाडीच्या डिकीतून आणू नका. बाहेर ४२-४३ अंश असताना उन्हात उभ्या गाडीत विनाइल मऊ पडून वाकायला लागेल इतकी उष्णता होते. घरीही आडव्या थप्पीत ठेवू नका. उभ्या, सावलीत, अगदी न कोंबता.

हात बसेपर्यंत सराव त्यांच्यावर करा ज्या गेल्या तरी जीव तुटणार नाही. आजोबांच्या आवडीची रेकॉर्ड सगळ्यात शेवटी.

२. धुणं

सगळ्यात जास्त नुकसान इथं होतं, त्यामुळं इथं थोडा थांबतो.

पहिली गोष्ट पाण्याची. आपल्याकडच्या बोअरच्या पाण्यात क्षार किती आहेत ते रोजच्या बादलीच्या कडेला दिसतं. तेच पांढरं रेकॉर्डच्या खाचेत वाळतं आणि सुई त्याच्यावरून गेली की तडतडतं. नळाचं, आरओचं, माठाचं, यांपैकी कुठलंच पाणी नको. इन्व्हर्टरच्या बॅटरीत घालतात ते डिस्टिल्ड वॉटर आणा. बॅटरीच्या दुकानात, पेट्रोल पंपावर पाच लिटरच्या कॅनमध्ये मिळतं. तिथंच बॅटरीचं ॲसिडही तशाच कॅनमध्ये असतं, तेव्हा लेबल वाचूनच घ्या.

दुसरी गोष्ट अल्कोहोलची. विनाइलसाठी चार भाग डिस्टिल्ड पाणी, एक भाग आयसोप्रोपिल अल्कोहोल आणि लिटरला दोन थेंब बिनवासाचा लिक्विड साबण हे मिश्रण चालतं. लाखेच्या तबकडीला मात्र अल्कोहोलचा थेंबही लावायचा नाही. मी हे फार उशिरा शिकलो. मामांच्या पेटीतली एक ७८ची तबकडी मी स्पिरिटच्या बोळ्यानं पुसायला घेतली. बोळा काळाकुट्ट झाला. किती मळ होता म्हणून मी दुसरा बोळा घेतला, तोही काळा झाला, मग तिसरा. तिसऱ्याला लक्षात आलं की पट्ट्यापट्ट्यानं चमक गेलीय. लाख स्पिरिटमध्ये विरघळते, आणि बोळ्यावर येत होती ती तबकडीच होती. त्या बाजूला गायिकेचा आवाज आता एका खरखरीत पडद्यामागून येतो. ती प्रत दुसरीकडे कुठं मला अजून मिळालेली नाही.

विनाइल धुण्याची रीत अशी:

आधी कोरड्या कार्बन फायबर ब्रशनं वरची धूळ उचला. ओल्या रेकॉर्डवर धूळ राहिली की तिचा चिखल होऊन खाचेत बसतो. मग जाड टॉवेलवर रेकॉर्ड ठेवा, मधल्या कागदी लेबलवर डब्याचं नीट बसणारं झाकण दाबून धरा. लेबलचा व्यास सुमारे १० सेंटिमीटर असतो, त्या मापाचं झाकण घरात कुठं ना कुठं सापडतंच. मिश्रण ओतून मऊ केसांच्या रुंद ब्रशनं खाचेच्या दिशेनं, गोल गोल फिरवा. आडवा ब्रश कधीच नको. एक-दोन मिनिटं भिजू द्या, परत ब्रश फिरवा, मायक्रोफायबरनं टिपून घ्या. त्यानंतर नुसत्या डिस्टिल्ड पाण्यानं दोनदा खळबळा. हे खळबळणं लोक गाळतात. मग साबणाचा थर वाळतो, आणि सुईच्या टोकाला राखाडी लोकर जमायला लागते.

वाळवायला स्वयंपाकघरातलं ताटाळं उत्तम, फक्त तारांना कापड गुंडाळा. पंखा बंद ठेवा. ओल्या रेकॉर्डवर पंख्याची हवा म्हणजे खोलीतली सगळी धूळ.

लाखेच्या तबकडीला फक्त ओलसर, पिळलेलं कापड फिरवायचं आणि लगेच कोरडं करायचं. भिजवायची नाही, लेबल ओलं करायचं नाही.

तपासणी: वाळलेली रेकॉर्ड दिव्याखाली तिरपी धरा. पांढुरके ओघळ दिसले तर परत खळबळा. धुतलेली रेकॉर्ड जुन्या कागदी पिशवीत परत घालू नका, नवी आतली पिशवी घ्या. तीस वर्षांची धूळ त्या जुन्या पिशवीतच असते.

३. प्लेयर जागेवर बसवणं

जागा. शहाबादी फरशीवर जड लाकडी टेबल सगळ्यात चांगलं. वाड्याच्या लाकडी पाटणीच्या मजल्यावर ठेवलात तर कुणी चाललं की सुई हलते. माळवदाच्या घरात आणखी एक त्रास असतो: वरून बारीक माती सतत झरते. तिथं प्लेयरच्या वर चादर ताणून बांधा आणि झाकण रेकॉर्डिंग संपेपर्यंत उघडू नका. प्लॅटरवर (रेकॉर्ड फिरते त्या तबकावर) गवंड्याची पाणसळ ठेवून दोन्ही दिशांनी समतल करा.

सुई. जुन्या पेटीप्लेयरमधल्या सिरॅमिक कार्ट्रिजचा (सुई बसते त्या डबीचा) मोह नको. त्यांचं वजन अनेकदा ५ ग्रॅमच्या वर असतं आणि तुमची एकमेव प्रत त्याखाली झिजते. चांगलं मूव्हिंग मॅग्नेट कार्ट्रिज घ्या आणि त्याच्या कागदावर दिलेलं वजनच ठेवा. ऑर्टोफॉनच्या २एम रेडला १.८ ग्रॅम, ऑडिओ-टेक्निकाच्या व्हीएम९५ई ला २ ग्रॅम. ७८च्या तबकडीला एलपीची सुई लावू नका. एलपीच्या गोल सुईचं टोक सुमारे १८ मायक्रॉन त्रिज्येचं, ७८चं सुमारे ७५ मायक्रॉन. बारीक सुई रुंद खाचेच्या तळाशी जाऊन नुसती खरखर उचलते. व्हीएम९५ मालिकेत ७८साठी वेगळी सुई मिळते, तिचं वजन ५ ग्रॅम, आणि कार्ट्रिज न काढता ती बदलता येते.

वजन. इथं सगळ्यात पसरलेला गैरसमज आहे: वजन कमी ठेवलं की रेकॉर्ड वाचते. उलट आहे. हलकी सुई जोराच्या जागी खाचेतून उडते, आणि परत पडताना खाचेची भिंत ठेचते. आधी टोनआर्म (सुईचा दांडा) हवेत तरंगेल असा तोल साधा, मग डिजिटल काट्यानं वजन मोजा. टोनआर्मवरची छापील चकती फक्त अंदाजासाठी. काट्याची ताटली लोखंडी असेल तर कार्ट्रिजमधलं चुंबक तिला ओढतं आणि आकडा खोटा येतो. अँटी-स्केट (सुई केंद्राकडे ओढली जाऊ नये म्हणून दिलेली उलटी ओढ) वजनाइतकाच लावून सुरुवात करा.

कोन. कार्ट्रिज टोनआर्मवर नेमकं कुठं बसतं यावर शेवटच्या गाण्याचा आवाज ठरतो. कागदी प्रोट्रॅक्टर छापून घ्या. बेअरवाल्ड पद्धतीत केंद्रापासून ६६ आणि १२०.९ मिलिमीटरवर कार्ट्रिजच्या बाजू रेघांना समांतर आल्या पाहिजेत. छपाई १०० टक्के मापात झालीय का ते पट्टी लावून बघा. प्रिंटरनं पान ‘फिट’ करून लहान केलं तर सगळंच हुकतं.

वेग. स्ट्रोबोस्कोपची चकती (वेग बरोबर असेल तर जिच्यावरच्या रेघा थांबल्यासारख्या दिसतात) छापताना ५० हर्ट्झची घ्या. इंटरनेटवर सापडणारी पहिली चकती बहुधा अमेरिकेतल्या ६० हर्ट्झची असते. ३३⅓ साठी आपल्याकडे १८० रेघा, तिकडे २१६. आणि ती बघायला जुन्या चोकची ट्यूबलाइट लागते. इलेक्ट्रॉनिक चोकखाली किंवा बहुतेक एलईडीखाली रेघा स्थिर दिसतच नाहीत, आणि लोक मग चांगल्या प्लेयरचा स्क्रू पिळत बसतात.

तपासणी: रेकॉर्ड न फिरवता सुई तिच्यावर टेकवा आणि समोरून बघा. कार्ट्रिज डावी-उजवीकडे कललेलं दिसतंय का? सुई पुसायची असेल तर मागून पुढं, बाजूनं कधीच नाही.

४. जोडणी आणि अर्थिंग

रेकॉर्ड कापताना खालचे स्वर दाबलेले आणि वरचे उचललेले असतात. फोनो प्रीअँप ते परत जागेवर आणतो. १९५०च्या दशकाच्या मध्यापासून यासाठी आरआयएए हे एकच माप सगळीकडे रुळलं. दोन चुका नेहमीच्या. प्लेयरमधला प्रीअँप चालू आणि पुढं अँप्लिफायरच्या ‘फोनो’ सॉकेटमध्ये जोडणी: दोनदा दुरुस्ती होऊन आवाज घुमतो, वरचे स्वर गुदमरतात. किंवा प्रीअँप कुठंच नाही: आवाज पत्र्याच्या डब्यातून आल्यासारखा, बारीक आणि चिरका. प्लेयरच्या मागचं ‘फोनो/लाइन’ बटण बघा आणि एकच प्रीअँप ठेवा.

१९५०पूर्वीच्या ७८च्या तबकड्यांना आरआयएए लागू पडत नाही. त्यांचा खर्ज फुगलेला आणि वरचा भाग मंद येईल. तसंच उतरवा, नंतर कानानं सुधारा.

प्लेयरच्या मागं एक सुटी बारीक वायर असते, टोकाला चिमट्यासारखी. ती प्रीअँपच्या अर्थ स्क्रूला घट्ट आवळा. सतत ‘हूंऽऽ’ असा ५० हर्ट्झचा खर्ज येत असेल तर दहात नऊदा ही वायर सुटलेली असते. एवढं करूनही आवाज राहिला तर घरातलं अर्थिंग तपासून घ्या. आपल्याकडच्या जुन्या घरांत तिसऱ्या पिनच्या भोकामागं काहीच जोडलेलं नसतं.

सावधान: गुणगुण घालवायला प्लगची अर्थ पिन काढू नका. त्याऐवजी लॅपटॉपचा चार्जर काढा आणि बॅटरीवर रेकॉर्ड करा. एका बाजूला फार तर पंचवीस मिनिटं लागतात.

लाइट गेली आणि इन्व्हर्टर लागला की थांबा. साध्या इन्व्हर्टरच्या चौकोनी लहरीवर प्लेयरची एसी मोटर गुरगुरते आणि ती गुरगुर सुईपर्यंत पोचते. फ्रिज सुरू होताना एक ‘टक्’ पकडला जातो, पंख्याच्या इलेक्ट्रॉनिक रेग्युलेटरची किरकिर पकडली जाते. अर्धा तास दोन्ही बंद. मी पहाटे पाचला उतरवतो. गारवा असतो, घर निजलेलं असतं आणि व्होल्टेजही बरं असतं.

५. संगणकाची बाजू

लॅपटॉपच्या माइकच्या भोकात प्रीअँप जोडू नका. ते बहुधा मोनो आणि माइकच्या बारीक सिग्नलसाठी केलेलं असतं. २४ बिट, ९६ किलोहर्ट्झ देणारा साधा यूएसबी ऑडिओ इंटरफेस घ्या आणि लाइन इनपुट वापरा. यूएसबी लावलेल्या बऱ्याच प्लेयरमध्ये आतलं रूपांतर १६ बिट आणि ४४.१ किंवा ४८ किलोहर्ट्झपुरतंच असतं. त्यावरून ‘९६’ची फाइल बनवली तरी ती रिकामी फुगवलेली.

१९२ची गरज मला वाटत नाही. फाइल दुप्पट होते आणि रेकॉर्डवर तेवढं काही नसतं. २४ बिटचा फायदा खरा आहे, कारण लेव्हल निवांत खाली ठेवता येते. ९६चा फायदा असा की ‘टक्’ टोकदार उमटतो आणि नंतर नेमका काढता येतो.

आवाज उतरवायचं ऑडॅसिटी हे सॉफ्टवेअर फुकट आहे आणि पुरेसं आहे. प्रोजेक्ट रेट ९६०००, होस्ट वासापी (WASAPI), दोन चॅनेल. विंडोजच्या साउंड सेटिंगमध्ये त्याच इंटरफेसला २४ बिट, ९६००० द्या आणि ‘एन्हान्समेंट’ सगळी बंद करा. इथं ४८००० राहिलं तर विंडोज काही न सांगता मधेच रूपांतर करतं.

तपासणी: एक मिनिट रेकॉर्ड करून ‘प्लॉट स्पेक्ट्रम’ उघडा. आलेख बरोबर २४ किलोहर्ट्झवर भिंतीसारखा तुटला असेल तर कुठंतरी ४८००० राहिलंय.

६. लेव्हल आणि प्रत्यक्ष रेकॉर्डिंग

रेकॉर्डवरची सगळ्यात जोराची जागा शोधा आणि तिथं वाजवून सर्वोच्च शिखर उणे ६ ते उणे १० डेसिबलच्या मधे ठेवा. शून्याला टेकवायची हौस नको. शेंडा एकदा कापला गेला की तो परत येत नाही. एखादा ओरखडा वर गेला तर जाऊ द्या, गाणं जाता कामा नये. एका रेकॉर्डच्या दोन्ही बाजूंना लेव्हल तीच ठेवा.

स्पीकर बंद, हेडफोनवर ऐका. त्याच खोलीत स्पीकर चालू असेल तर त्याचा खर्ज टेबलातून सुईत परत शिरतो.

आधी रेकॉर्डचं बटण, मग सुई. संपल्यावर सुई उचलेपर्यंत थांबवू नका. सुरुवातीची आणि शेवटची मोकळी खाच नंतर फार उपयोगी पडते. मधे व्हॉट्सॲपची टुणटुण नको म्हणून नेट बंद. दर बाजूनंतर सुईचं टोक बघा आणि पुसा.

तपासणी: पुढच्या बाजूला जाण्याआधी शेवटच्या गाण्याची शेवटची दोन मिनिटं ऐका. ‘स’ आणि ‘श’ थुंकल्यासारखे येत असतील तर सुई मळलीय, कोन चुकलाय किंवा रेकॉर्ड झिजलीय, याच क्रमानं शोधा.

७. दुरुस्ती, हात आखडता ठेवून

आधी कच्ची फाइल जशीच्या तशी फ्लॅकमध्ये (आवाज न गमावता लहान होणाऱ्या फाइल-प्रकारात) ‘मूळ’ नावाच्या फोल्डरमध्ये टाका. हिला पुन्हा हात लावायचा नाही. काम प्रतीवर.

‘नॉइज रिडक्शन’ वापरू नका, हे मी कळकळीनं सांगतो. तानपुऱ्याची जवारी, पेटीच्या भात्याचा श्वास, गायकानं तान घेण्याआधी ओढलेली हवा हे सगळं त्या सॉफ्टवेअरला सूंसूं आवाजासारखंच दिसतं. ते गेलं की गाणं काचेच्या पेटीत ठेवल्यासारखं होतं. राहिलेली हलकी सरसर कान पाच मिनिटांत विसरतो.

‘टक्’ काढणारं क्लिक रिमूव्हल चालेल, पण भजनाच्या आणि कव्वालीच्या रेकॉर्डवर जपून. टाळ, चिपळ्या आणि टाळी यांचा पहिला आघात ओरखड्यासारखाच टोकदार असतो. किती खाल्लं गेलं ते असं बघा: मूळ आणि दुरुस्त ट्रॅक एकाखाली एक ठेवा, एकाला ‘इन्व्हर्ट’ करा आणि दोन्ही एकत्र वाजवा. दोन्हींत जे सारखं ते एकमेकांना पुसतं, उरतं ते तुम्ही काढलेलं. तिथं नुसती तडतड ऐकू आली तर बरोबर. टाळाचा ठेका ऐकू आला तर प्रमाण कमी करा. मोठे दोन-चार ओरखडे हातानं, ठळक करून ‘रिपेअर’नं काढा.

रेकॉर्ड मोनो असेल (बऱ्याच जुन्या मराठी ईपी मोनोच आहेत) तर स्टिरिओत उतरवून मग दोन्ही चॅनेल मिसळून मोनो करा. मोनो खाचेत गाणं फक्त आडव्या हालचालीत असतं, उभी हालचाल म्हणजे धूळ, वाक आणि मोटरची घरघर, ती मिसळताना बरीच पुसली जाते. एकच बाजू झिजलेली असेल तर मिसळू नका, चांगलं चॅनेल दोन्हीकडे घ्या.

८. तुकडे, नावं, साठवण

गाण्यांच्या मधल्या शांततेत कंट्रोल-बी दाबून लेबल लावा आणि सगळी एकदम एक्स्पोर्ट करा, फ्लॅक, २४ बिट. टॅगमध्ये गायक, गीतकार, संगीतकार आणि लेबलवरचा रेकॉर्ड क्रमांक लिहाच. गाण्याच्या ओळखीसाठी पुढं तोच क्रमांक उपयोगी पडतो. लेबलचा फोटो सावलीतल्या उजेडात, फ्लॅशशिवाय.

जागेचा हिशोब: २४/९६ स्टिरिओला मिनिटाला सुमारे ३५ एमबी, म्हणजे ४० मिनिटांच्या एलपीला जवळपास १.४ जीबी. फ्लॅकमध्ये ते साधारण निम्मं ते दोन तृतीयांश होतं.

घरी ऐकायला उतरवणं आणि यूट्यूबवर चढवणं या वेगळ्या गोष्टी आहेत. आपल्याकडे ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रकाशनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं राहतो, आणि गीत-संगीताचा हक्क वेगळा, रचनाकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं.

पेन ड्राइव्हवर भरवसा ठेवू नका. दोन हार्ड डिस्क घ्या, त्यातली एक दुसऱ्या घरी, बहिणीकडे, भावाकडे. कॉपी चालू असताना लाइट जाते आणि फाइल अर्धीच राहते, नाव मात्र पूर्ण दिसतं. म्हणून कॉपी झाल्यावर दुसऱ्या डिस्कवरची फाइल उघडा आणि प्रत्येक बाजूचं शेवटचं गाणं सुई उचलल्याच्या ‘खट्’पर्यंत ऐका. तो ‘खट्’ आला की रेकॉर्ड पिशवीत घाला.